बर्नी फाउलर आणि पटक्सेंट नदी: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी अमेरिकेतल्या मेरीलँड राज्यात, कोलंबिया गावात राहतो. दर जूनमध्ये एका रविवारी मी, बर्नी फाउलर यांनी पाडलेल्या रिवाजाप्रमाणे, पांढरे कॅनव्हासचे बूट घालून पटक्सेंट नदीत उतरतो हे आता ओळखीच्या मराठी घरांमध्ये माहीत झालं आहे. त्यामुळे प्रश्न येतात. काही इथल्या शेजाऱ्यांचे, काही पुण्या-रत्नागिरीहून फोनवर बोलणाऱ्या नातेवाइकांचे. दरवेळी तेच सांगण्यापेक्षा एकदा नीट लिहून काढलं.

बर्नी फाउलर कोण होते?

चार्ल्स बर्नार्ड फाउलर. सगळे त्यांना बर्नीच म्हणत. जन्म 2 मार्च 1924, मृत्यू डिसेंबर 2021. सत्त्याण्णव वर्षांचं आयुष्य. वाढले ते ब्रूम्स आयलंड नावाच्या वस्तीत, पटक्सेंट नदीच्या काठावर. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकी नौदलात होते. परत आल्यावर गावातच होड्या भाड्याने द्यायचा धंदा केला. 1970 साली ते कॅलव्हर्ट काउंटीच्या कमिशनर मंडळावर निवडून आले. आपल्याकडच्या जिल्हा परिषदेसारखं ते मंडळ, फक्त सभासद मोजके आणि अधिकार जास्त. तिथे बारा वर्षं काढल्यावर 1983 ते 1994 ते मेरीलँडच्या राज्य सिनेटमध्ये होते. पक्ष डेमोक्रॅटिक.

राज्याबाहेर फार कुणी त्यांना ओळखत नसे. वॉशिंग्टनच्या काँग्रेसमध्ये ते कधी बसले नाहीत, कुठलं मोठं मंत्रिपद त्यांनी भूषवलं नाही. पन्नास वर्षं एकाच नदीची बाजू त्यांनी मांडली, आणि ती अशी मांडली की आज अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावरच्या चेसापीक उपसागराच्या कुठल्याही बैठकीत पाण्याच्या पारदर्शकतेचा विषय निघाला की त्यांचे बूट आठवतात.

पटक्सेंट कुठे आहे? आम्ही पोटोमॅक ऐकली आहे, ही नाही.

बाल्टिमोर आणि वॉशिंग्टन या दोन शहरांच्या मधून ती दक्षिणेकडे वाहत जाते आणि सॉलोमन्स गावाजवळ चेसापीक उपसागराला मिळते. लांबी सुमारे 185 किलोमीटर, पाणलोट क्षेत्र साधारण 2,400 चौरस किलोमीटर. पोटोमॅकच्या मानाने लहानच. पण तिचं वैशिष्ट्य असं की उगमापासून मुखापर्यंत ती मेरीलँडमध्येच आहे. शेजारच्या राज्याने घाण सोडली असं म्हणायला इथे जागाच नाही. जे काही होतं ते आपल्याच राज्यातल्या सात काउंट्यांमुळे.

या सातांपैकी हॉवर्ड, माँटगोमेरी, प्रिन्स जॉर्जेस आणि ॲन अरंडेल या चार वरच्या अंगाच्या. दाट वस्तीच्या, पैसेवाल्या, दोन महानगरांच्या सावलीतल्या. कॅलव्हर्ट, चार्ल्स आणि सेंट मेरीज या तीन खालच्या अंगाच्या. तिथे तंबाखूची शेतं होती, लोक खेकडे पकडत, कालवं काढत. पुढची सगळी कहाणी या चार आणि तीनमधली आहे.

खालचा निम्मा भाग म्हणजे आपल्या शब्दात खाडी. भरतीला समुद्राचं पाणी आत येतं, ओहोटीला बाहेर जातं, आणि वरून आलेली घाण लगेच समुद्रात न जाता तिथेच रेंगाळते.

एवढं काय बिघडलं होतं की एका माणसाने त्यासाठी आयुष्य घालवावं?

फाउलर तरुणपणी ब्रूम्स आयलंडला नदीत छातीइतक्या पाण्यात चालत जात. हातात लांब दांड्याची जाळी. तळाशी पाणगवताची दाट कुरणं होती आणि त्यात निळे खेकडे दडलेले असत. कात टाकलेला मऊ खेकडा तर हमखास तिथेच सापडायचा. वरून वाकून बघितलं की गवत दिसे, खेकडा दिसे आणि स्वतःची पावलंही दिसत. छातीइतक्या पाण्यातून आपली पावलं दिसणं ही तेव्हा कुणाला सांगण्यासारखी गोष्ट नव्हती. ते नेहमीचंच होतं.

1960चं दशक सरता सरता ते बदललं. आधी पाणी हिरवट झालं, मग तपकिरी. गवत विरळ होत गेलं आणि एका वर्षी उगवलंच नाही. गवत गेलं तसे खेकडे गेले. कालवांवर अख्खी गावं पोसली होती, ती कमी होत गेली. फाउलर होड्यांच्या धंद्यात असल्यामुळे रोज काठावरच होते आणि हे बदलताना त्यांनी दिवसागणिक पाहिलं. ते राजकारणात आले त्याला हे कारण होतं, असं ते स्वतः शेवटपर्यंत सांगत राहिले.

मरण्याआधी पुन्हा एकदा छातीइतक्या पाण्यात उभं राहून आपले पाय बघायचे, एवढीच इच्छा ते भाषणांमधून बोलून दाखवत.

पाणी गढूळ कशामुळे झालं? कारखाने होते का?

बहुतेकांना कारखानाच आठवतो, कारण आपल्या डोळ्यांसमोर चित्र तेच असतं. पटक्सेंटची गोष्ट वेगळी आहे. इथे मुख्य गुन्हेगार घरं होती.

दुसऱ्या महायुद्धानंतर बाल्टिमोर आणि वॉशिंग्टनभोवती उपनगरं वाढली. मी राहतो ते कोलंबिया तर 1967 साली आखून वसवलेलं शहर आहे. घरं आली की संडास, मोऱ्या, धुण्याची यंत्रं आली. सगळं सांडपाणी प्रक्रिया केंद्रांत जाई, तिथे त्यातली घाण आणि रोगजंतू काढले जात आणि उरलेलं पाणी नदीत सोडलं जाई. दिसायला ते स्वच्छ असे. पण त्यात नत्र आणि स्फुरद विरघळलेलं असे. शेतकऱ्याच्या घरात वाढलेल्यांना हे दोन शब्द सांगायला नकोत. युरिया आणि सुपर फॉस्फेटमधून आपण जे पिकाला देतो, तेच हे. शेतात ते पीक वाढवतात, पाण्यात शेवाळ वाढवतात.

सूक्ष्म शेवाळाचा तवंग वाढला की प्रकाश तळापर्यंत पोहोचत नाही आणि पाणगवत मरतं. शेवाळ मेलं की तळाशी बसून कुजतं, आणि कुजताना पाण्यातला प्राणवायू संपवतं. उन्हाळ्यात खोल पाण्यात प्राणवायू जवळजवळ उरतच नाही. मासे आणि खेकडे तिथून पळतात, कालवांना पळता येत नाही. बांधकामांसाठी उकरलेली माती पावसात वाहून येते ती वेगळीच. त्यात जून 1972मध्ये ॲग्नेस वादळाने एवढं गोडं पाणी आणि एवढा गाळ उपसागरात आणला की आधीच खंगलेली गवताची कुरणं अनेक ठिकाणी कायमची गेली.

पाणलोटाचं गणित समजायला एक आकडा पुरे. चेसापीक उपसागराच्या पाण्याच्या पृष्ठभागाच्या सुमारे चौदा पट जमीन त्यात पाणी सोडते, आणि उपसागराची सरासरी खोली आहे साडेसहा मीटरच्या आत. म्हणजे फार मोठ्या अंगणाचं पाणी एका उथळ परातीत.

त्यांनी स्वतःच्याच राज्य सरकारला कोर्टात खेचलं, हे खरं का?

खरं आहे, आणि माझ्या मते त्यांच्या कारकिर्दीतली सर्वांत महत्त्वाची गोष्ट हीच. गंमत म्हणजे ती ते आमदार होण्याच्या आधीची आहे.

1970च्या दशकाच्या उत्तरार्धात राज्याने पटक्सेंटसाठी पाणी-गुणवत्तेचा आराखडा केला. वरच्या अंगाला आणखी घरं येणार, सांडपाणी वाढणार हे त्यात गृहीत होतं. उपाय म्हणून प्रक्रिया केंद्रांतून स्फुरद काढायचं ठरलं. नत्राबद्दल काही नाही. केंद्राच्या पर्यावरण संरक्षण संस्थेचाही, म्हणजे ईपीएचाही, कल तसाच होता.

याला कारण होतं. गोड्या पाण्याच्या तळ्यांमध्ये शेवाळाची वाढ बहुधा स्फुरदावर अडते. स्फुरद आटोक्यात आणलं की शेवाळ आटोक्यात येतं. शिवाय ते काढणं सोपं: तुरटीसारखे क्षार टाकले की ते तळाशी बसतं. नत्र तसं बसत नाही. ते काढायला जिवाणूंकडून काम करून घ्यावं लागतं. हवा असलेल्या टाकीत एका जातीचे जिवाणू अमोनियाचं नायट्रेट करतात, मग हवा नसलेल्या टाकीत दुसऱ्या जातीचे जिवाणू त्या नायट्रेटचा नत्रवायू करतात आणि तो हवेत निघून जातो. यासाठी जास्त टाक्या, जास्त जागा आणि जास्त पैसा लागतो.

पण पटक्सेंटचा खालचा भाग खारा. सॉलोमन्सच्या चेसापीक बायोलॉजिकल लॅबोरेटरीतले शास्त्रज्ञ सांगत होते की उन्हाळ्यात खाडीत शेवाळाची वाढ नत्रावर अडते, स्फुरदावर नाही. नुसतं स्फुरद काढून खाडी सुधारणार नाही. त्यांच्याकडे या नदीची जुनी निरीक्षणं होती. 1930च्या दशकापासून तिथे मोजमापं चालू होती. फाउलरांकडे त्यांच्या लहानपणची आठवण होती. दोन्ही एकच गोष्ट सांगत होत्या.

मग कॅलव्हर्ट, चार्ल्स आणि सेंट मेरीज या तीन काउंट्यांनी राज्यावर आणि ईपीएवर फेडरल कोर्टात खटला भरला. फाउलर तेव्हा कॅलव्हर्टच्या कमिशनर मंडळाचे अध्यक्ष. यातली जोखीम लक्षात घ्या. तीन गरीब, ग्रामीण काउंट्या. रस्ते, शाळा, दवाखाने यांच्यासाठी राज्याच्या तिजोरीकडे बघणाऱ्या. त्यांनी त्याच राज्याला न्यायाधीशापुढे उभं केलं, आणि तेही स्वतःच्या गावातल्या घाणीसाठी नव्हे, चाळीस-पन्नास मैल वरून येणाऱ्या घाणीसाठी. खालच्या अंगाला राहणाऱ्याला वरच्याकडून स्वच्छ पाणी मिळण्याचा हक्क आहे, एवढंच त्यांचं म्हणणं होतं. त्या खटल्यामुळे राज्याला आणि ईपीएला आराखडा बाजूला ठेवून नव्याने विचार करावा लागला.

त्यानंतर काय झालं? कोर्टाच्या निकालाने नदी थोडीच साफ होते.

नाहीच होत. खटला पुढे वर्षानुवर्षं चालवता आला असता. तसं न करता डिसेंबर 1981मध्ये वरच्या आणि खालच्या अंगाचे लोक, राज्याचे अधिकारी, शास्त्रज्ञ आणि अभियंते एकत्र बसले. या बैठकीला इथे ‘शारेट’ म्हणतात. मूळ फ्रेंच शब्द, इथे अर्थ असा की ठरलेल्या मुदतीत सगळ्यांनी मिळून तोडगा काढूनच उठायचं.

त्या बैठकीतून पटक्सेंटसाठी नत्र आणि स्फुरद या दोन्हींवर मर्यादा ठरल्या. प्रक्रिया केंद्रांतून नत्र काढायचं मान्य झालं. चेसापीकच्या सगळ्या उपनद्यांमध्ये नत्रावर असा करार पहिल्यांदा इथे झाला. प्रत्यक्ष टाक्या बांधून काम सुरू व्हायला 1990च्या दशकाची सुरुवात उजाडली, पण ते झाल्यावर केंद्रांतून नदीत येणारं नत्र घटलं. नंतर संपूर्ण उपसागराचं धोरण याच वाटेने गेलं. आज चेसापीकच्या कुठल्याही अहवालात नत्राचे पौंड मोजलेले दिसतात. त्याआधी तीन छोट्या काउंट्यांना ते कोर्टात जाऊन मोजायला लावावं लागलं होतं.

मला विचाराल तर विधिमंडळातल्या कुठल्याही एका मतदानापेक्षा हे मोठं काम आहे. समोरच्याला हरवल्यानंतर त्याच्याच शेजारी बसून आकडे ठरवायचे, याला वेगळा स्वभाव लागतो. फाउलर आवाज चढवणारे नव्हते. मृदू बोलत, देवाधर्माचे दाखले देत, आणि मुद्दा सोडत नसत.

सिनेटमध्ये त्यांनी नक्की कोणते कायदे केले?

कायदा एकट्याचा नसतो, त्यामुळे ‘हा फाउलरांचा कायदा’ अशी यादी मी देणार नाही. पण ते ज्या बारा वर्षांत राज्याच्या राजधानीत, ॲनापोलिसला, सिनेटमध्ये होते त्या काळात मेरीलँडने काय काय केलं ते पाहा.

1983: मेरीलँड, व्हर्जिनिया, पेनसिल्व्हेनिया, वॉशिंग्टन डी.सी., ईपीए आणि चेसापीक बे कमिशन यांचा उपसागरासाठीचा पहिला करार. 1984: भरतीच्या पाण्यापासून 1,000 फुटांच्या पट्ट्यातल्या बांधकामावर निर्बंध घालणारा क्रिटिकल एरिया कायदा. आपल्या सीआरझेडची, म्हणजे किनाऱ्यालगतच्या बांधकामांवरच्या नियमांची, पहिली अधिसूचना 1991ची आहे, हे शेजारी ठेवून बघावं. 1985: फॉस्फेटवाल्या धुण्याच्या पावडरींवर बंदी. 1987: दुसरा करार, ज्यात 2000 सालापर्यंत उपसागरात येणारं नत्र आणि स्फुरद 40 टक्क्यांनी कमी करायचं ठरलं.

मेरीलँडचं विधिमंडळ वर्षातले फक्त 90 दिवस भरतं, जानेवारी ते एप्रिल. सिनेटर 47, प्रतिनिधी सभागृहात 141. बाकीचं वर्ष आमदार आपापल्या गावात, आपापल्या धंद्यात. म्हणून इथल्या आमदाराचं खरं काम अधिवेशनाबाहेरही बरंच असतं: काउंट्यांच्या बैठका, शास्त्रज्ञांच्या भेटी, शाळांमधली भाषणं. फाउलरांनी पटक्सेंटसाठी हे बाहेरचं काम कधी थांबवलं नाही.

पांढऱ्या बुटांचं काय प्रकरण आहे?

1988 साली, सिनेटर असतानाच, फाउलरांनी ब्रूम्स आयलंडच्या काठावरून पाण्यात चालत उतरायचा कार्यक्रम सुरू केला. उपसागराची गाणी लिहून गाणारे लोकगायक टॉम विझ्नर त्यांच्यासोबत होते. जून महिन्यातला दुसरा रविवार ठरला. अंगात डेनिमचा ओव्हरऑल, डोक्यावर हॅट आणि पायात पांढरे बूट. इंग्रजीत याला ‘वेड-इन’ म्हणतात, म्हणजे पाण्यातून पावलं टाकत आत जाणं.

पद्धत साधी आहे. सगळ्यांनी हातात हात धरून एक ओळ करायची आणि सावकाश आत चालायचं. मधोमध फाउलर. ते खाली बघत चालायचे. बूट दिसेनासे झाले की थांबायचे आणि मागे फिरायचे. ओव्हरऑल जिथवर भिजला त्या रेघेपासून खाली टेप लावून इंच मोजायचे. तो त्या वर्षाचा आकडा.

वर्तमानपत्रांनी याला ‘स्नीकर इंडेक्स’ असं नाव दिलं. कार्यक्रमाला राज्यपाल आले, काँग्रेसमधले नेते आले. तिथले खासदार स्टेनी हॉयर तर वर्षानुवर्षं येत राहिले. सूट उतरवून गुडघ्याएवढ्या गढूळ पाण्यात उभं राहिल्यावर कुणालाही ‘पाण्याची स्थिती समाधानकारक आहे’ असं म्हणता येत नाही. समोर उभ्या शेकडो माणसांनाही तेवढंच दिसत असतं जेवढं नेत्याला.

आकडे काय सांगतात?

तरुणपणी फाउलरांना पाय दिसायचे त्या खोलीचा अंदाज 63 इंच, म्हणजे 160 सेंटिमीटर धरला जातो. तेच उद्दिष्ट. 1988 साली आकडा आला 10 इंच. पुढच्या वर्षी 8. म्हणजे घोट्याच्या थोडं वर पाणी आलं की बूट गायब. सर्वांत चांगला आकडा 1997चा, साडेचव्वेचाळीस इंच. त्या वर्षी लोकांना वाटलं की आता फार दूर नाही. पण त्यानंतर तो वर-खाली होत राहिला, बहुतेक वेळा त्याच्या बराच खाली.

63 इंच फाउलरांच्या हयातीत पुन्हा आले नाहीत.

बूट बघून पाणी मोजणं शास्त्रीय आहे का?

एका दिवसाचं, एका जागेचं, एका माणसाच्या डोळ्यांचं मोजमाप म्हणून पाहिलं तर नाही. आदल्या आठवड्यात जोराचा पाऊस झाला तर आकडा घसरतो, कोरडा गेला तर चढतो. हे फाउलरांनाही माहीत होतं आणि शास्त्रज्ञांनाही.

पण कल्पना जुनी आणि पक्की आहे. पाण्याची पारदर्शकता मोजायला शास्त्रज्ञ ‘सेकी डिस्क’ वापरतात: दोरीला बांधलेली पांढरी किंवा काळी-पांढरी तबकडी पाण्यात सोडायची आणि ती दिसेनाशी होते ती खोली लिहायची. फाउलरांचे बूट म्हणजे चालती-बोलती सेकी डिस्क. सॉलोमन्सचे शास्त्रज्ञ वर्षभर नत्र, स्फुरद, प्राणवायू, गवताचं क्षेत्र असं सगळं मोजतात आणि ते अहवालांत जातं. तो अहवाल शंभर माणसं वाचत असतील. बुटांचा आकडा मात्र चौथीतली मुलंही सांगतात. त्याच सॉलोमन्सच्या प्रयोगशाळेतल्या एका इमारतीला पुढे फाउलरांचं नाव दिलं गेलं, यावरून शास्त्रज्ञांचं मत कळावं.

मग खरं सांगा, नदी सुधारली की नाही?

काही बाबतींत सुधारली, आणि जिंकली असं म्हणता येत नाही.

प्रक्रिया केंद्रांचं काम निःसंशय यशस्वी झालं. पाणलोटातली लोकसंख्या कित्येक पटींनी वाढली असूनही केंद्रांतून येणारं नत्र आणि स्फुरद त्या प्रमाणात वाढलं नाही, उलट घटलं. वरच्या, गोड्या पाण्याच्या भागात पाणगवतही परतलं. हे कष्टाने मिळवलेलं आहे आणि कुणी ते कमी लेखू नये.

पण घरं वाढत गेली. छपरं, रस्ते, पार्किंगची मैदानं वाढली की पावसाचं पाणी जमिनीत मुरत नाही. ते नाल्यातून धावत सुटतं, काठ पोखरतं आणि माती, खत, तेल घेऊन खाडीत जातं. सांडपाण्याला एक पाइप असतो, तिथे टाकी बांधता येते. या पाण्याला हजारो तोंडं आहेत. शिवाय सेप्टिक टँकवाली घरं आहेत, शेती आहे, हवेतून पडणारं नत्रही आहे. त्यातच एप्रिल 2000मध्ये चॉक पॉइंटच्या वीजकेंद्राकडे जाणारी तेलवाहिनी फुटून सुमारे 1,40,000 गॅलन तेल पटक्सेंटच्या दलदलीत आणि खाडीत पसरलं.

कालवांची हानी तर भरून आलेलीच नाही. एक मोठं कालव दिवसाला 190 लिटरपर्यंत पाणी गाळू शकतं. जास्तीची मासेमारी आणि नंतर आलेले दोन रोग यांनी त्यांची संख्या पूर्वीच्या तुलनेत नगण्य केली. म्हणजे घाण वाढली आणि ती गाळणारेही गेले.

फाउलर हे झाकून ठेवत नसत. आकडा कमी आला की कमी आला असंच सांगत, नाराज होत, आणि पुढच्या जूनमध्ये पुन्हा येत.

‘फ्लश टॅक्स’ म्हणजे काय? आमच्या पाण्याच्या बिलावर दिसतो.

2004 साली मेरीलँडने बे रिस्टोरेशन फंड सुरू केला. प्रत्येक घरामागे महिना अडीच डॉलर; 2012पासून बहुतेकांना पाच. सेप्टिक टँकवाल्यांनाही तो भरावा लागतो. या पैशातून मोठ्या प्रक्रिया केंद्रांत नत्र काढायच्या आणखी चांगल्या यंत्रणा बसवल्या गेल्या. संडास फ्लश करण्यावरचा कर म्हणून लोकांनी त्याला हे नाव दिलं. फाउलर तेव्हा सिनेटमध्ये नव्हते. पण नत्र काढायला पैसा लागतो, तो कुणीतरी द्यावा लागतो, आणि वरच्या अंगाने तो द्यावा, ही गोष्ट पटक्सेंटवरच्या भांडणातून राज्याच्या अंगवळणी पडली होती. मी हे पाच डॉलर खुशीने भरतो.

आपण मराठी लोकांनी यात काय करायचं? आपला काय संबंध?

फार जवळचा. कोलंबिया, एलिकॉट सिटी, लॉरेल या भागांत राहणारी शेकडो मराठी कुटुंबं पटक्सेंटच्या किंवा तिच्या उपनद्यांच्या आसपास राहतात. लॉरेलच्या वरच्या बाजूला पटक्सेंटवरच ट्रायडेल्फिया आणि रॉकी गॉर्ज ही दोन धरणं आहेत. माँटगोमेरी आणि प्रिन्स जॉर्जेसमधल्या अनेक घरांत पिण्याचं पाणी तिथून येतं. माझ्या घरातलं सांडपाणी सॅव्हेज गावातल्या केंद्रात जाऊन लिटल पटक्सेंटमध्ये उतरतं. फाउलर ज्यांच्याशी भांडले त्या वरच्या अंगाला मी राहतो. हे कळायला मला इथे राहायला आल्यावर बरीच वर्षं लागली, आणि ते कळल्यावर मी पहिल्यांदा खाली ब्रूम्स आयलंड बघायला गेलो.

करण्यासारखं बरंच आहे. हिरवळीला खत घालताना हात आखडता घ्या. मेरीलँडच्या कायद्याने 15 नोव्हेंबर ते 1 मार्च ते घालायला बंदी आहे, आणि जोराचा पाऊस येणार असेल तेव्हाही. छपराचं पाणी रस्त्यावर न सोडता बागेत मुरवा. काउंटी त्यासाठी मदत करते. आणि काउंटी कौन्सिलच्या सुनावण्यांना जा. नव्या वसाहतीची परवानगी तिथेच मिळते. आपली माणसं तिथे फार कमी दिसतात.

कोकणात असं करता येईल का?

बुटांची परीक्षा तिकडे चालणार नाही. आपल्या खाड्या पावसाळ्यात गाळाने भरून वाहतात, भरती-ओहोटीचा फरकही मोठा, पाणी मुळातच गढूळ. तिथे दुसरं काहीतरी मोजावं लागेल: जाळ्यात किती जातीचे मासे आले, कालवं-तिसऱ्या काढायला बायका आज कुठे जातात आणि वीस वर्षांपूर्वी कुठे जात होत्या. दाभोळ खाडीतले मच्छीमार वाशिष्ठीच्या वरच्या अंगाच्या रासायनिक वसाहतीबद्दल वर्षानुवर्षं बोलत आले आहेत. त्यांच्याकडे आठवणींचा साठा आहे, फाउलरांकडे होता तसाच.

फाउलरांकडे आणखी दोन गोष्टी होत्या. एक, जवळच एक प्रयोगशाळा, जिथली जुनी मोजमापं आठवणीला आधार देत होती. दोन, खालच्या तीन काउंट्या एकत्र उभ्या राहिल्या. आपल्याकडे खाडीकाठच्या ग्रामपंचायतींना नदीच्या वरच्या टोकाला काय चाललंय यात बोलायला कायद्याने फारशी जागा नाही, आणि आमदाराचा मतदारसंघ पाणलोट बघून आखलेला नसतो. म्हणून मला वाटतं, सुरुवात मोजण्यापासून व्हावी: दरवर्षी, त्याच जागी, त्याच दिवशी, गावातल्याच कुणीतरी, आणि आकडा फळ्यावर लिहून. वीस वर्षांनी तो आकडा कोर्टातही उभा राहतो.

फाउलर गेल्यावर वेड-इन बंद पडलं का?

नाही. 2010पासूनच तो कार्यक्रम ब्रूम्स आयलंडऐवजी जवळच्या जेफरसन पॅटरसन पार्कमध्ये होत होता. नव्वदीतही ते येत, दोन्ही बाजूंनी माणसं हात धरून त्यांना आत नेत. आता ते नसतानाही लोक जूनमध्ये ओळ धरतात. इतर नद्यांच्या काठीही अशी वेड-इन सुरू झाली आहेत.

यायचं असेल तर काय आणावं?

जुने पांढरे बूट, आणि ते पांढरेच हवेत. राखाडी लवकर दिसेनासे होतात. भिजले तरी चालतील असे कपडे आणि टॉवेल. जूनमध्ये पाणी कोमट असतं, तळ चिखलाचा, मध्येच कालवाचं शिंपलं लागतं म्हणून अनवाणी उतरू नका. मुलांना आणा. ओळीत उभं राहिल्यावर शेजारी कोण आहे हे माहीत नसतं, पण हात धरायचा असतो. माझ्या शेजारी एकदा सेंट मेरीज काउंटीतले एक म्हातारे खेकडेवाले होते. मी कुठून आलो असं त्यांनी विचारलं. कोलंबिया, मी म्हटलं. ‘म्हणजे वरचे,’ असं म्हणून त्यांनी माझा हात घट्ट धरला आणि आम्ही खाली बघत पुढे निघालो. मांडीपर्यंत पाणी आलं तेव्हा माझे बूट गेले. त्यांचे थोडे आधीच गेले होते.